नावाचा आधीचा धनी

गॉलवे,
९ नोव्हेंबर १९७८

ती. बाबीनआत्यास,
सा. न. वि. वि.

तू विणलेली टोपी पोचली. बाळाच्या डोक्याचा अंदाज तू कुणाच्या डोक्यावरून घेतलास देव जाणे, सध्या ती फर्गल घालतो आणि त्याला छान दिसते. मी बरी आहे. पाय सुजतात, वर्गात उभं राहून शिकवणं जड जातं, पण डॉक्टरीणबाई म्हणतात सगळं ठीक आहे. फेब्रुवारीच्या पहिल्या आठवड्यातली तारीख दिली आहे.

परवा इस्पितळात नाव घालायला गेलो तर तिथल्या कारकुनाने कागदावर आल्वा वाचलं आणि आल्वा म्हणजे नवरा असं धरून फर्गललाच विचारलं की बायकोचं नाव का लिहिलं नाही. मला याची सवय आहे. आमच्या रस्त्यावरच्या बसचा कंडक्टरही आल्वाच, साठीचा, झुपकेदार मिशांचा. आम्ही एकमेकांना नावाने हाक मारतो तेव्हा बसमधली माणसं वळून बघतात.

पण रविवारी सासूबाईंनी विचारलं, तुझं नाव कुणाचं. आपल्याकडे नाव कधी कोरं करकरीत नसतं. गेलेल्या माणसाचं मागे राहिलेलं नाव नव्या जिवाला मिळतं. तू तुझ्या आजीची बाबीन, फेहीनकाका बुडालेल्या चुलत्याचा फेहीन, बाबा त्यांच्या आजोबांचे कोलिमीन. मग मी कुणाची? तेहेतीस वर्षं हे नाव वापरते आहे आणि त्याचा आधीचा धनी मला ठाऊक नाही. सासूबाईंच्या चेहऱ्यावरून वाटलं, त्या मला रस्त्यात सापडलेली समजल्या.

आईला विचारून कळव. बाळाचं नाव ठरवण्याआधी माझं तरी मला कळू दे. तुझा जीव माझ्यावर आहे, त्यातला थोडा उत्तर लिहिण्यात खर्च कर.

तुझी,
आल्वा


इनिश रोन,
२१ नोव्हेंबर १९७८

चि. आल्वा हिस,
अनेक आशीर्वाद.

टोपीला नावं ठेवू नकोस. तुझ्या बापाचं डोकं जन्मतः तेवढंच होतं. इथे आठ दिवस वारा असा सुटला आहे की डाराची टपालाची होडी दोनदा अर्ध्यातून परत गेली. फेहीनच्या गुडघ्यांनी संप केला आहे.

तुझं पत्र मी चहाच्या वेळी सगळ्यांसमोर वाचलं, तिथेच चुकलं. फेहीन म्हणतो, आल्वा हे एका शिकारी कुत्र्याचं नाव होतं, दोन राजे त्याच्यापायी लढले. मी त्याला म्हटलं, पोटुशी पोरीला हे कळवू का? मी लहानपणी ऐकलेली आल्वा राजकन्या होती, हजरजबाबी, नवऱ्याने घातलेल्या सगळ्या कोड्यांची उत्तरं दिलेली. तुझी आई, म्हणजे आमच्या वहिनी, म्हणाल्या की आल्वा हे संताचं नाव, त्याला लांडगिणीने दूध पाजून वाढवलं. मग मास्तरांना विचारलं. निवृत्त झाल्यापासून त्यांना कुणी काही विचारत नाही, त्यामुळे दोन तास सुटका नव्हती. ते म्हणतात, मुलालाही चालतं, मुलीलाही चालतं, फार जुनं आहे. अर्थ कुणी पांढरा असा लावतं, कुणी खडक असा, आणि दोन्हीकडचे विद्वान एकमेकांचं तोंड बघत नाहीत. तेव्हा तू कुत्रा, राजकन्या, संत किंवा खडक आहेस. निवड.

आपल्या घरात आधी कोण आल्वा होतं ते मी वहिनींना विचारलं. त्या चहा अर्धा टाकून उठल्या आणि मेंढ्या मोजून येते म्हणून भुशिराकडे गेल्या. मेंढ्या विकून दोन वर्षं झाली. त्यांनी तुला एवढंच कळवायला सांगितलं आहे की नाव आत्ता ठरवू नकोस, बाळ हातात येऊ दे, बाप्तिस्म्याच्या पाण्याआधी उच्चारूही नकोस.

पायाखाली उशी घेत जा. आत्याची आठवण ठेव.

तुझी,
बाबीनआत्या


गॉलवे,
३ डिसेंबर १९७८

ती. बाबीनआत्यास,
सा. न. वि. वि.

पत्र तीनदा वाचलं आणि दर वेळी जास्त गोंधळले. मी एक नाव विचारलं, तू मला प्राणिसंग्रहालय पाठवलंस. फर्गलने घरात मला खडकबाई म्हणायला सुरुवात केली आहे.

मी आईला स्वतंत्र पत्र घातलं होतं. तिचं उत्तर काल आलं, त्यात पायमोज्याची टाच कशी वळवायची ते दोन पानं लिहिलं आहे. माझ्या प्रश्नाबद्दल अक्षर नाही. आत्या, मी लहान वर्गाला शिकवते. शाई कुणी सांडली हे विचारल्यावर जी मुलं एकदम पावसाबद्दल बोलायला लागतात, त्यांना मी ओळखते.

आणि एक गोष्ट राहून राहून आठवते आहे. मी पाच-सहा वर्षांची असताना आई मला किनाऱ्यावर घेऊन जायची आणि पांढरा गोटा शोधायला लावायची. सगळ्यात पांढरा सापडला की आम्ही भुशिरावर जायचो आणि ती तो गवतात ठेवायला सांगायची. तिथे बरेच दगड होते. मला वाटायचं हा आमच्या दोघींचा खेळ आहे. मी एकदा दगडांवरून उड्या मारल्या तर तिने मला फटका दिला होता, आयुष्यातला एकच. तिथे मेंढ्या कधीच नव्हत्या.

मला खरं सांग. राग येणार नाही असं वचन देत नाही, पण तुझ्यावरचा लोभ कमी होणार नाही, एवढं लिहून देते.

तुझी,
आल्वा


इनिश रोन,
१४ डिसेंबर १९७८

चि. आल्वा हिस,
अनेक आशीर्वाद.

फेहीनला विचारलं, लिहू का. तो म्हणाला, दादा तर गेलाच, आता आपण दोघं गेल्यावर तिला कोण सांगणार. म्हणून लिहिते.

तुझ्या आधी एक मुलगा होता. चव्वेचाळीसच्या जानेवारीत. पूर्ण दिवसांचा, काळ्याभोर केसांचा, पण श्वास न घेताच आला. तेव्हाचा नियम तुला ठाऊक असेल. पाणी पडलं नाही त्याला नाव नाही, आणि नाव नाही त्याला चर्चच्या आवारात जागा नाही. असली बाळं भुशिरावर पुरायची, वर एक दगड ठेवायचा. फेहीनने नव्या होडीसाठी राखलेल्या फळ्यांची पेटी केली. ओहोटी लागल्यावर तुझा बाप ती काखेत घेऊन एकटा गेला. वहिनी अंथरुणावर होत्या, त्यांना बघूही दिलं नाही. जागा कुठली ते तुझ्या बापाने वर्षभर सांगितलं नाही. मग एकदा बोटाने दाखवली, आणि त्यानंतर या घरात कुणी त्याबद्दल बोललं नाही. मीही नाही. चौतीस वर्षं मी त्यांना मेंढ्या मोजायला जाताना बघते आहे आणि सावकाश जा एवढंच म्हणते.

त्याचं नाव आल्वा ठरलं होतं. पुढच्या वर्षी तू आलीस.

मी बरं केलं की वाईट, मला कळत नाही. कुत्र्याचं आणि राजकन्येचं मात्र खोटं नाही, तसं लोक सांगतातच. रागावलीस तरी लिही.

तुझी,
बाबीनआत्या


गॉलवे,
१८ डिसेंबर १९७८

ती. आईस,
सा. न. वि. वि.

आत्याने सगळं लिहिलं. तिच्यावर रागावू नकोस, मीच मागे लागले होते.

आई, मला काय वाटतं आहे तेच मला कळत नाही. शुक्रवारी वर्गात एका मुलीने बाई म्हणण्याऐवजी आल्वाबाई म्हणून हाक मारली आणि मी ओ द्यायला विसरले. कुणाला हाक मारली असं वाटलं. तू मला लहानपणी जेवायला हाक मारायचीस, तेव्हा दारात कोण यावं असं तुला वाटायचं? मी त्याचे कपडे घालून वाढले का? तो असता तर मला हे नाव मिळालं नसतं, कदाचित मीही नसते. असं काहीबाही सुचतं आणि झोप लागत नाही. फर्गल म्हणतो बाळ झाल्यावर विचार कर. मला आत्ता विचार येतात, त्याला मी काय करू.

तू मला नावासाठी जन्म दिलास की नाव माझ्यासाठी ठेवलंस, एवढंच सांग. पायमोज्यांबद्दल लिहू नकोस. रागातही मी तुझीच आहे.

आल्वा


इनिश रोन,
२७ डिसेंबर १९७८

चि. आल्वा हिस,
आशीर्वाद.

मला लिहिता येत नाही बाबीनसारखं.

नाव मी आधी ठरवलं. मुलगा झाला तरी चालेल, मुलगी झाली तरी चालेल असं शोधून काढलं आणि मला माझंच फार कौतुक वाटलं. सगळ्या बायका नको म्हणत होत्या. मी पोटावर हात ठेवून रोज हाक मारायची, विहिरीवर, शेतात, चुलीपाशी. नंतर सुईणबाई म्हणाल्या, नाव तू आधी उच्चारलंस, ऐकू नये त्यांनी ऐकलं आणि हाक मारून नेलं. त्या वाईट नव्हत्या. त्यांना वाटलं ते त्या बोलल्या. पण मला ते पटलं, आणि अजून पटलेलं आहे. म्हणून तुला सांगत होते.

तू आलीस तेव्हा तुझे बाबा म्हणाले, माझ्या आईचं नाव ठेवू. मी ऐकलं नाही. ते नाव एकदा तरी पाद्रीबाबांच्या तोंडून, चर्चमध्ये, पाण्यासकट मोठ्याने ऐकायचं होतं मला. तू केवढी रडत होतीस. मी तुला घेऊन उभी होते आणि मनात म्हटलं, दोघांचा बाप्तिस्मा झाला.

जेवायला हाक मारायचे ती तुलाच. तू दारात आलीस की मला बरं वाटायचं. दर वेळी.

नाव ठरवू नकोस बाळा. एवढं ऐक.

तुझी आई


गॉलवे,
२ जानेवारी १९७९

ती. आईस,
सा. न. वि. वि.

तुझं पत्र मी स्वयंपाकघरात उभ्यानेच वाचलं आणि पाव करपला.

आई, मी तुझं ऐकणार नाही. बाळाचं नाव मी आज ठरवलं आहे. मुलगा झाला तर आल्वा, मुलगी झाली तर आल्वा. ते त्याचं नाव आहे, मी तेहेतीस वर्षं वापरलं, आणि आता आमच्या घरात ते आधीच्या धन्याची आठवण ठेवून दिलं जाईल, आपल्याकडे देतात तसं. पोटावर हात ठेवून मी रोज हाक मारते, खिडकी उघडी ठेवून. ज्याला ऐकायचं त्याने ऐकावं. शेजारीणबाईंना वाटतं मी स्वतःलाच हाका मारते.

मला भीती वाटत नाही असं लिहिलं तर खोटं होईल. फर्गलला तर जास्तच वाटते, त्याने काल मला खिडकी लावायला सांगितली. मी लावली नाही. पण तू हाक मारलीस म्हणून तो गेला, हे ओझं घेऊन तुझं आणखी एक वर्ष भुशिराच्या चढावर जाणं मला बघवत नाही. दुसरा उपाय मला सुचला नाही.

महिनाभर सोस. मग तुझं काय चुकलं आणि काय नाही ते दोघी मिळून बघू.

तुझी,
आल्वा


इनिश रोन,
२० जानेवारी १९७९

चि. आल्वा हिस,
आशीर्वाद.

पोरी, हे तू काय केलंस? वहिनींनी तुझं पत्र वाचलं आणि त्या दिवसापासून धड जेवत नाहीत. खिडकीत मेणबत्ती लावून बसतात. डाराची होडी दिसली की आत जाऊन दार लावतात, तार असली तर मीच उघडायची असं ठरलं आहे. फेहीन म्हणतो तू तुझ्या बापासारखी हट्टी आहेस. मी म्हणते आईसारखी. तुला ओरडावं की तुझ्यासाठी प्रार्थना करावी हे कळत नाही, म्हणून दोन्ही करते.

एक धाकटी टोपी विणली आहे. सांभाळून राहा गं.

बाबीनआत्या


इनिश रोन,
११ फेब्रुवारी १९७९

चि. आल्वा आणि चि. आल्वा, दोघांस अनेक अनेक आशीर्वाद.

तार आली. बाबीनने उघडली आणि तिला वाचवेना, शेवटी डारानेच वाचली. आल्वा सुखरूप, आई सुखरूप. मुलगा की मुलगी ते लिहायचं फर्गलराव विसरले. सगळं बेट गोंधळात आहे. फेहीन मुलगा म्हणतो, मास्तर मुलगी म्हणतात, बाबीनने दोन रंगांची लोकर काढून ठेवली आहे. दर तासाला कुणीतरी येऊन विचारतं आणि मी माहीत नाही म्हणते. मला हसू येतं. कुणी झालं तरी चालेल असंच तर नाव शोधलं होतं मी.

आज जेवले. मग किनाऱ्यावर जाऊन एक गोटा निवडला, चांगला पांढरा. बाबीन बरोबर यायला निघाली, पहिल्यांदाच. चढावर डारा भेटला. त्याने विचारलं, सोरखाबाई, एवढ्या वाऱ्यात कुठे निघालात, मेंढ्या मोजायला का. मी थांबले आणि त्याला म्हटलं, "माझ्या मुलाला भेटायला निघाले आहे. त्याचं नाव आल्वा."

डाराने टोपी काढली. ईस्टरला या. मी धक्क्यावर उभी राहीन आणि तुम्हाला दोघांना एकदमच हाक मारीन.

तुझी,
आई