कोऱ्या म्हणून ठेवलेल्या कॅसेटी

३ फेब्रुवारी

—त्या सकाळी अंगण झाडून झालं होतं, बंब पेटला होता, मी सुपारी वाळत घालत होते. हे ओटीवर चहा घेत बसलेले, कॅमेरा शेजारी. त्याच्या लाल दिव्यावर नेहमीची काळी चिकटपट्टी. "दिवा दिसला की माणसं दिव्याकडेच बघत बसतात," म्हणायचे. मी विचारलं, चालू आहे की काय? "बंद आहे गं!"

बंदच असणार. सिनेमांत एवढ्या नट्या टिपल्या. माहितीपटांत मिठागरातल्या बाया, मासळी सुकवणाऱ्या म्हाताऱ्या टिपल्या. मला एकदाही नाही.

हे जाऊन दोन पावसाळे झाले. आज ती सकाळ आठवली ती प्रांजलीच्या फोनमुळे. ह्यांच्या हाताखाली कॅमेऱ्यावर होती. आता ह्यांच्यावरच माहितीपट करते आहे. जुन्या कॅसेटी हव्यात म्हणाली. वर म्हणते, "काकू, कोऱ्यासुद्धा द्याल?"

कोऱ्या कशाला?

४ फेब्रुवारी

कपाटातल्या कोऱ्या कॅसेटींची गोष्ट हिला कुणी सांगितली? मला बजावायचे, "कोऱ्या आहेत, हात लावू नकोस." मी मुकाट धूळ पुसत राहिले!

६ फेब्रुवारी

शेजारच्या नीराबाईपाशी बोलले. चूकच केली. "कोऱ्यासाठी मुंबईवरनं येतंय व्हय कोण? काय तरी हाय त्यात. आधी बघ, मग दे. न्हायतर ती सुपारी घेऊन जाईल नि तू बस सालं गोळा करत!"

हसले. मग हसू गेलं. शूटिंगला महिना महिना बाहेर असायचे. ही प्रांजली बरोबर असायची.

९ फेब्रुवारी

चौथीत शाळा सुटली होती. सिनेमाच्या पाट्यांत ह्यांचं नाव भर्रकन निघून जायचं, ते वाचता यावं म्हणून अक्षरं पुन्हा गिरवली. पुढे पुस्तकांची चटक लागली. ज्या नावासाठी वाचायला शिकले, त्याच नावावर आता संशय.

१२ फेब्रुवारी

प्रांजली आली. कॅसेट लावायचं यंत्र घेऊन. मी चहासुद्धा विचारला नाही. म्हटलं, कोऱ्या आधी. माझ्यासमोर.

"मलाही माहीत नाही त्यात काय आहे, काकू. सर एकदा म्हणाले होते, माझं सगळ्यात चांगलं काम घरी कोऱ्या कॅसेटींत आहे. मला थट्टा वाटली."

लावली.

आमचं अंगण. एक बाई सुपारी पसरते आहे, कावळ्याला शिव्या देते आहे. मग ओटीकडे वळते— "चालू आहे की काय?"

अगदी जवळून ह्यांचा आवाज. "बंद आहे गं!"

दुसरी लावली. मीच, विहिरीवर. तिसरीत केस पिकलेली मी, चष्मा लावून दारात वाचत बसलेली.

प्रांजली नाक पुसत म्हणाली, "सर किती खोटं बोलायचे, काकू!"

मग चहा ठेवला. सिनेमाच्या, मिठागराच्या सगळ्या कॅसेटी तिला देऊन टाकल्या. कोऱ्या नाही दिल्या. तिनेही मागितल्या नाहीत.

१३ फेब्रुवारी

सकाळी अंगण झाडलं. सुपारी वाळत घातली. ओटीवर कोणी नव्हतं. तरी पदर सारखा केला.