भूपेशला करवली मिळणार नाही

११ एप्रिल, शुक्रवार. सोहार, ओमान
आणि वर संजना मलाच बोलते, तू कधी कुठे वेळेवर पोचलायस? अरे, शुक्रवारचा व्हिडिओ कॉल कोर्टाने दिलाय मला. बापाला! त्याच टायमाला संजनाने पोरीला टेलरकडे न्यायचं? उन्नती स्टुलावर उभी, हात पसरून. म्हणाली, पप्पा हसवू नका, माप चुकतं. कसलं माप, तर भूपेशमामाच्या लग्नाचं. १४ मे. पोरगी करवली होणार, नवऱ्यामागे कलश घेऊन उभी राहणार.
भूपेश म्हणजे संजनाचा भाऊ. घटस्फोट झाला त्या दिवशी कोर्टाच्या बाहेर सगळ्यांसमोर मला म्हणाला, चल आठवी नापास, रिक्षा पकड. ते मी विसरलेलो नाही. पोरीचा खर्च वेगळा, तो कोर्टाचा. बाकी त्या घरात माझा एक रुपया जाणार नाही.

१२ एप्रिल. जेवणाची सुट्टी
डोकं चाललं. ऑर्डरमध्ये आहे, मे महिन्यात पंधरा दिवस मुलगी बापाच्या घरी. तारखा बापाने सांगायच्या. मी १० ते २४ सांगणार! भूपेशला भाची एकच. शेजारची पोरगी भाड्याने आण म्हणावं. मी उन्नतीला घेऊन महाबळेश्वरला. स्ट्रॉबेरी. हळदीच्या टायमाला बरोबर स्टेटस टाकणार.
रूममेट वॉल्टरला सांगितलं. आमच्याच तालुक्यातल्या गास गावचा आहे तो. बोंबील भाजत होता. म्हणाला, अरे बाबा, मे महिन्यात स्ट्रॉबेरी? आणि आखातात एसी मेकॅनिकला मे महिन्यात सुट्टी?
त्याला दुसऱ्याचं चांगलं बघवत नाही.

१८ एप्रिल, शुक्रवार
वकील विनया मॅडमनी तारखा कळवल्या. आता संजना रडणार, हात जोडणार. मी वाक्य पाठ केलं होतं: कायदा म्हणजे कायदा.
ती म्हणाली, ने ना. तुझीच आहे. फक्त ये.
मग उन्नती. पप्पा, नक्की? मागच्या सुट्टीत मी बॅग भरून आज्जीच्या ओट्यावर बसले होते. मी म्हटलं, तेव्हा कंपनीचा प्रॉब्लेम होता. म्हणाली, मग या वेळी कंपनीला आधी विचारा.
हे संजनाने शिकवलंय. सात वर्षांची पोर स्वतःहून असं बोलत नाही.
पाठ केलेलं वाक्य राहूनच गेलं.

२७ एप्रिल
सुट्टीचा अर्ज दिला. सुपरवायझरने वाचला, मग मला खिडकीपाशी नेऊन बाहेरचं ऊन दाखवलं. मग चहा पाजला. लक्षण चांगलं आहे.

३ मे
नाही म्हणाला. जूनमध्ये पण नाही. ऑक्टोबर.
वॉल्टरने बोंबलाचा मोठा तुकडा माझ्या ताटात टाकला. त्याचाच जास्त राग आला.

४ मे
उलट बरंच झालं. ऑर्डरमध्ये 'बापाच्या घरी' लिहिलंय. बाप घरी पाहिजे, असं कुठे लिहिलंय? आमचं घर जूचंद्रला, संजनाचं माहेर पण जूचंद्रलाच, मधे दोन आळ्या. उन्नती आईजवळ राहील. तिकडे भूपेश बिनकरवलीचा घोड्यावर. तिकडचा बेंजो बँड इकडे पोरीला ऐकू येईल तेवढंच वाईट. म्हणून आईला सांगितलं, हळदीच्या दिवशी टीव्ही मोठा लाव.
आई लगेच म्हणाली, बरं. जगात एक आईच माझ्या बाजूची.
मी येत नाही हे उन्नतीला शुक्रवारी सांगतो.

९ मे, शुक्रवार
तिला माहीत होतं. आज्जीने सांगितलं म्हणाली. रडली नाही. रडली असती तर समजूत घातली असती, तयारी केली होती. मग म्हणाली, ठेवू का, होमवर्क आहे.
सुट्टीत कसला होमवर्क?

१० मे
ताबा मिळाला! संजना स्वतः पोरीला बॅगेसकट आमच्या ओट्यावर सोडून गेली. आईने तिला चहा दिला म्हणे. मी भडकलो. आई म्हणाली, दारात आलेल्याला पानी पन नको विचारू?

१३ मे. हळद
आई फोन उचलेना. शेवटी व्हिडिओ लागला. मागे बेंजो. मी म्हटलं, अगं टीव्ही एवढा मोठा? मग चित्र नीट दिसलं. आई पिवळी. गालाला हळद, अंगावर नवी साडी.
मी ओरडलो. ती त्याहून मोठ्याने. तूच बोललास ना, पंधरा दिस पोर आपल्या घरची? मंग आपल्या घरला आवतन आलं तं मी जाऊ नको? आन मी आले तं पोरीला कोनाकडं ठेवू, तुज्या टीव्हीकडं?
यावरचं कलम विनया मॅडमकडे पण नसेल.
तेवढ्यात भूपेशने फोन घेतला. काय पावणं, जेवलात का? पिवळ्या तोंडाने दात काढत होता.
मग उन्नती. केसात पण हळद. म्हणाली, पप्पा, मी तुमच्याकडून आलेय. उद्या आहेर घेताना माईकवर नाव घेतात. आज्जी बोलली, आपल्या घरचा आहेर तुमच्या नावाने. मी तिथंच उभी असणार कलश घेऊन. मोठ्याने घ्यायला सांगू का?
मी म्हटलं, नेटवर्क जातंय.
जात नव्हतं.

१४ मे. सकाळी, ड्युटीच्या आधी
भूपेशला म्हणून नाही. घराण्याचं नाव खाली जायला नको म्हणून. माईकवाल्याला सांग, नाव दोनदा घे, असं आईला बोललोय. एक रुपया देणार नाही म्हणालो होतो, पण आहेराला वर एक लागतोच.
आईच्या खात्यावर पाठवतोय, पाच हजार एक.