आमच्या घरातला पहिला राफाएल

कोर्दोबा,
डिसेंबर, रविवार संध्याकाळ

प्रिय ओलिवा,

तुझ्या आईनं पाठवलेला वाळवलेला टूना पोचला. तुझ्या सासऱ्यानं, फालोनं, भाजलेल्या बदामांबरोबर एका बैठकीत निम्मा संपवला. डॉक्टरांनी मीठ बंद केलंय याची मी आठवण करून दिली, तर म्हणतो, "समुद्राचं मीठ वेगळं असतं, ते औषधात धरतात." म्हणजे तो हळूहळू माणसात येतोय असं समज. जूनपासून या घरात कुणी विनोद केला नव्हता. तू गेल्यावर तर दोघांत मिळून दिवसाला चार वाक्यं होत होती, त्यातली दोन मांजराशी. इथं रस्त्यांवरची कडू संत्री पिकून खाली पडताहेत आणि मी नेहमीसारखी दोनदा पाय घसरून वाचलेय. तुझ्याकडे बेहेरला वारा कसा आहे? लेवान्ते सुटला की तुझ्या माहेरी दारं बांधून ठेवावी लागतात, हे मला तुझ्या लग्नात कळलं होतं. माझी टोपी त्या वाऱ्यानं नेली ती नेलीच.

मागच्या आठवड्यात कोरेदेराच्या बाजारात गेले होते. मागून एक बाई खच्चून ओरडली, "राफाएल, कांदे कोण घेणार, तुझा बाप?" आणि मी वळले. माझ्याबरोबर अजून सात-आठ पुरुष वळले. या गावात ते नाव घेऊन हाक मारली की अर्धा चौक 'ओ' देतो, हे तू नवी नवरी होतीस तेव्हा तुला गमतीचं वाटायचं. मलाही वाटायचं. पण गेले सहा महिने मी बाजारातून घरी येईपर्यंत ते नाव चार ठिकाणी ऐकते, आणि चारही वेळा मान वळते. त्या दिवशी मात्र वळले, तर समोर एक टकला, ढेरपोट्या राफाएल कांद्याची पिशवी उचलून निमूट चालला होता. मला हसू आलं, ओलिवा. तिथंच, टोमॅटोंच्या ढिगापाशी. मग रडूही आलं, पण आधी हसू आलं.

ऑक्टोबरात संत राफाएलच्या दिवशी डोंगरात जे झालं त्याबद्दल आपण बोललोच नाही. दुसऱ्या दिवशी सकाळच्या बसनं तू गेलीस. दरवर्षीसारखं सगळं गाव पाइन वृक्षांखाली चुली मांडून भात शिजवत होतं. आपल्याही कढईत भात रटरटत होता, आणि अंगुस्तियास वन्सं पेला उंच करून म्हणाल्या, "जानेवारीत येणाऱ्या नव्या राफाएलच्या नावानं!" त्यांच्या मनात वाईट काही नव्हतं. अंगुस्तियास म्हणजे दुःखं. आईबापांनीच तसलं नाव ठेवल्यावर बाईनं किती सांभाळून बोलायचं? पण तू उभी राहिलीस आणि म्हणालीस, "पाद्रीबाबांनी मला लग्नात या नावाचा अर्थ सांगितला होता, 'देव बरं करतो'. ज्याला देवानं बरं केलं नाही, त्याचं नाव मी माझ्या बाळाला देणार नाही." वन्संनी छातीवर क्रूस काढला. फालो चुलीतल्या निखाऱ्यांकडे बघत बसला. मी माझी शाल तुझ्या खांद्यावर टाकली आणि आपण दोघी गाडीत जाऊन बसलो, आठवतंय? तू माझा हात असा धरला होतास की अंगठी बोटात रुतली.

तुला वाटत असेल, तुझ्या या सासूला, आरासेलीला, राग आला. आता माझं ऐक. जूनमध्ये इस्पितळातून शेवटचं निघालो, तेव्हा फालोला मी घरी पाठवलं आणि चालत जुन्या पुलावर गेले. पुलाच्या मधोमध तो दगडी देवदूत उभा आहे, गावाचा राखणदार राफाएल, पायाशी मेणबत्त्यांचं मेण साचलेलं. लहानपणापासून मी येताजाता त्याला नमस्कार करत आले. त्या दिवशी म्हटलं, "झोपला होतास का रे? तुझंच नाव होतं ना त्याचं? निदान नावाची तरी लाज ठेवायचीस!" दुपारचं ऊन, पर्यटकांची गर्दी, आणि मी ओरडतेय. शेजारी एक म्हातारी मेणबत्ती लावत होती. ती बाजूला सरकली आणि म्हणाली, "बोला बाई, बोला. त्याला सवय आहे." तर राग म्हणशील तर तो मला तुझ्या आधी आला होता. तू बोललीस ते मला लागलं नाही. माझ्याच तोंडचं कुणीतरी बोलल्यासारखं वाटलं.

वन्सं म्हणतात, घराण्याची रीत आहे, थोरला मुलगा राफाएलच; फालो म्हणजेही राफाएलच, लाडात. जसं काही नोहाच्या नौकेतून पहिला राफाएलच उतरला. खरी गोष्ट मला ब्रिहिदा आजींनी सांगितली होती. ब्रिहिदा म्हणजे फालोच्या वडिलांची आई. तू तिला पाहिलं नाहीस. माझ्या लग्नाच्या वेळी ती ऐंशीला टेकली होती आणि तरी खांद्यानं माणसं ढकलत रांगेत पुढे जायची.

या घरात तेव्हा थोरल्याचं नाव एउलोहियो असायचं. बाप एउलोहियो, आजा एउलोहियो, पणजा एउलोहियो. ब्रिहिदाचा नवराही एउलोहियोच. ती दोघं एस्पेहोच्या बाजूला एका मळ्यावर राहायची. ब्रिहिदाचे दिवस भरले तेव्हा तिचा नवरा तेलाच्या घाण्यावर कामाला होता, लांब. पाऊस लागून राहिला होता. कळा सुरू झाल्या पण बाळ काही सरकेना. सुईण दमली आणि म्हणाली, "माझ्यानं होत नाही, हिला शहरात न्या." न्यायचं कुणी? सासरा म्हणाला, चिखल वाळू दे, मग बघू. ब्रिहिदा तशीच शेजारणीच्या खांद्याला धरून रस्त्यापर्यंत आली आणि मैलाच्या दगडावर बसली.

तिकडून एक माणूस तीन खेचरांवर मीठ लादून चालला होता. त्यानं हिच्याकडे बघितलं, काही विचारलं नाही. पुढच्या खेचराची पोती उतरवून रस्त्याकडेला ठेवली, भर पावसात. शेजारीण म्हणाली, "अहो, मीठ आहे ना ते? विरघळून जाईल!" तो म्हणाला, "मीठ परत मिळतं." आणि ब्रिहिदाला उचलून खेचरावर बसवलं. वाटभर तो त्या खेचराशी भांडत होता. खेचराचं नाव मार्केसा, म्हणजे मोठ्या घरची सरदारीणबाई. "मार्केसाबाई, पाठीवर पोटुशी आहे, आज तरी नखरे नकोत. बघा, बघा, डबकं दिसलं की हिला आरशात तोंड बघायचं असतं!" ब्रिहिदा म्हणायची, कळ आली की तो मुद्दाम मोठ्यानं बोलायचा. म्हणजे ती ओरडली तरी लोकांना वाटावं, भांडण चाललंय खेचराशी. आणि हिला त्या कळांमध्येही हसू यायचं.

असं करत दोघं पुलावर आली. देवदूतापुढे येताच त्यानं खेचर थांबवलं, भिजलेली टोपी काढली आणि वर बघून म्हणाला, "काय नावबंधू! इथवर मी आणली. आता खाली उतर आणि पुढचं तू बघ." एवढ्यावरून ब्रिहिदाला कळलं की हा राफाएल. इस्पितळाच्या दारात त्यानं तिला नन्सच्या हवाली केलं. बाळ झालं, ती वाचली, बाळही वाचलं. पण आभार मानायला शोधलं तर माणूस नाही. नंतर तिच्या नवऱ्यानं शहरातली प्रत्येक खानावळ पालथी घातली. "राफाएल नावाचा खेचरवाला पाहिलात का?" लोक पोट धरून हसायचे. "अरे बाबा, इथं खेचरं सोडली तर सगळेच राफाएल!"

बारशाला चर्चमध्ये सासरा नवं झबलं घातलेल्या नातवाला घेऊन उभा राहिला आणि म्हणाला, "एउलोहियो." ब्रिहिदा अजून नीट उभी राहू शकत नव्हती. ती बाकावरूनच म्हणाली, "एउलोहियो आले होते का माझ्याबरोबर चिखलातून?" नाव पडलं राफाएल. तो माझा सासरा. या घराण्यातला तो पहिला, आणि त्याच्याआधी या नावाचा आमच्या रक्ताचा कुणी नाही.

ही गोष्ट आजींनी मला अंगणात शेंगा सोलता सोलता सांगितली. मला सातवा महिना होता आणि मला माझ्या वडिलांचं नाव ठेवायचं होतं, कांदिदो. मी भीत भीत ते बोलून दाखवलं. आजी म्हणाल्या, "मग ठेव की! मला विचारतेस कशाला? मी कुणाला विचारलं होतं?" मग मी विचारलं, आजी, तुम्हाला या नावाचा अर्थ माहीत होता का? त्या म्हणाल्या, "देव बरं करतो, ते मला फार नंतर कळलं. मला अर्थ एवढाच ठाऊक होता, की जो कारण न विचारता आपल्याबरोबर चालतो तो." पवित्र कथेतला राफाएलही तसाच आहे बघ. तो पोरसवदा तोबियास एकटा लांबच्या प्रवासाला निघतो, तेव्हा हा वाटसरू बनून त्याच्या सोबतीनं चालतो. कोण, कुठला, काही सांगत नाही. आंधळ्या बापाचे डोळे बरे होतात ते अगदी शेवटी, घरी परतल्यावर. बाकी सगळी गोष्ट म्हणजे नुसतं बरोबर चालणं.

मी शेवटी कांदिदो ठेवलं नाही. शेंगा संपल्या तेव्हा माझं मन ठरलं होतं. माझा राफाएल. बघ, लिहिलं गेलं. या पत्रात इतके राफाएल आले, पण माझ्या मुलाचं नाव लिहायला हात आत्ता धजला. माझा राफाएल, तुझा राफाएल. त्याला कुणी बरं केलं नाही, ओलिवा, हे मी कुठल्याही देवदूताच्या वतीनं गोड करून सांगणार नाही. पण इस्पितळात त्याच्या खोलीतला तो लाकूडतोड्या म्हातारा आठवतो? ज्याला भेटायला कुणी येत नव्हतं? तुझा नवरा स्वतः सलाइनचा खांब ढकलत त्याला व्हरांड्यात फिरवून आणायचा आणि दोघं नर्सेसच्या नकला करायचे. मी दारातून बघायचे आणि मला वाटायचं, नाव मी बरोबर ठेवलं.

आता आजची गोष्ट. दुपारी वन्सं जेवायला आल्या, कापडात गुंडाळून घराण्याचं बारशाचं झबलं घेऊन. ते लांबलचक पांढरं, छातीवर भरतकाम केलेलं. टेबलावर पसरून म्हणाल्या, "यावर 'र' आधीपासूनच आहे. पोरीला म्हणावं, हट्ट सोड." मी तोंड उघडणार एवढ्यात फालो उठला. सहा महिने ज्यानं कुणाला उलट उत्तर दिलं नाही, तो फालो. त्यानं ते झबलं खिडकीपाशी नेलं, उजेडात धरलं आणि म्हणाला, "ताई, चष्मा लाव आणि इकडे ये. या 'र'च्या खाली सुईची भोकं दिसतात का? तो 'ए' आहे. एउलोहियोचा. आजीनं उसवून वर 'र' भरला. माझ्या बापाचं नाव एका परक्या मीठवाल्याचं आहे, आणि तू मला रीत शिकवतेस?" वन्संनी चष्मा लावला. बराच वेळ ते कापड बोटांनी चाचपत राहिल्या. मला वाटलं, आता उठून जातील. तर चष्मा काढून पुसत म्हणाल्या, "मग कुठलं अक्षर हवंय तिला? लवकर सांग म्हणावं. माझे डोळे आता बारीक टाक्याला चालत नाहीत, आणि तुझा टाका, आरासेली, म्हणजे बटाट्याचं पोतं शिवल्यासारखा." मग फालोनं तिघांना वाइन ओतली आणि आम्ही थंड झालेला रस्सा चवीनं खाल्ला.

हे सगळं आजच लिहायला बसले त्याचं कारण सांगते. काल तुझ्या आईचा फोन आला होता. तिच्यावर रागावू नकोस, ती तुझ्या चोरून बोलत होती. म्हणाली, तू बाळाचं नाव कधीच ठरवलंयस, पण ओठांवर आणत नाहीस. नाव दुसरं ठेवलं तर कोर्दोबाचं दार तुला कायमचं बंद, आणि आरासेली बाळाचं तोंडसुद्धा बघणार नाही, असं तुझ्या मनानं घेतलंय. म्हणून जेवणसुद्धा धड जात नाही. ते नाव काय आहे हे तुझ्या आईलाही माहीत नाही, आणि मीही विचारलं नाही. ते तू मला सांग, तोंडानं. मी ख्रिसमस झाला की बसनं येतेय, तुझ्या आईनं स्वयंपाकघराशेजारची खाट मला देऊ केलीय. रात्री बाळ रडलं तर मी उठेन, तू झोपायचंस. फालो बारशाला येईल, आणि वन्संना गाडीत पुढची सीट दिली तर त्याही येतील. नाव तू ठेव, पोरी. मला फक्त हाक मारायला येऊ दे.

तुझीच,
आरासेली