टप्पा पडलेला झेल

हेझल्टन, पेन्सिल्वेनिया
२४ सप्टेंबर १९५२

चि. ऑन्द्रेस,
अ. उ. आ.

रविवारी तुझा बेसबॉलचा सामना ऐकायला अर्धी गल्ली आपल्या ओसरीवर रेडिओला कान लावून बसली होती. शेवटच्या डावात तू धावत येऊन, गवतावर लोळण घेऊन तो झेल घेतलास आणि बाबा चक्क ओरडले! खाणीच्या धुळीनं ज्यांना जिना चढवत नाही, ते. लहानपणी आईनं फेकलेला उकडलेला बटाटाही तुझ्या हातून सुटायचा, हे मी कुणाला सांगितलेलं नाही, घाबरू नकोस. अकरा ऑक्टोबरला चर्चच्या तळघरात तुझ्या सन्मानाचं जेवण आहे. आई बटाट्याचं सारण भरून दोनशे पिरोही करणार म्हणते. नक्की ये.

सगळ्यांचा जीव तुझ्यात अडकलाय, एवढं ध्यानात ठेव.
तुझी ताई,
वेरोना

संघाच्या हॉटेलातून
२७ सप्टेंबर

ती. ताईस,
सा. न. वि. वि.

ते जेवण रद्द कर. मी तो चेंडू झेललाच नव्हता. टप्पा पडून, गवतासकट ग्लोव्हमध्ये आला. पंच लांब होता. मी हात उंचावला, त्यानं बाद दिलं. फलंदाज होता व्हर्जिल टेट, वय छत्तीस. हा मोसम म्हणजे त्याची शेवटची संधी. दुसऱ्याच दिवशी त्याच्या संघानं त्याला नारळ दिला. मैदानाच्या दारात भेटला, हातात सुटकेस. म्हणाला, झेल झकास होता हं, पोरा. आणि मी त्याचे आभार मानले, ताई! आरशासमोर दाढी करवत नाही मला.

बाबांना सांगू नकोस. रागावलीस तरी चार ओळी टाक.
ऑन्द्रे

हेझल्टन
१३ ऑक्टोबर

चि. ऑन्द्रेस,
अ. उ. आ.

सगळ्यांना आमंत्रणं गेली होती, जेवण रद्द करता आलं नाही. गुडघा दुखावल्यानं येत नाही, ही तुझी तार मिळाली. मला ती खरी वाटली नाही. तुझं पत्र मी बाबांना आधीच वाचून दाखवलं होतं. माझ्याच्यानं लपवणं होईना. जेवणाच्या वेळी फादर तुझं कौतुक करत होते, तेव्हा बाबा टेबलाला धरून उभे राहिले. धापा टाकत म्हणाले, त्या चेंडूला टप्पा पडला होता. हे पोरानं सांगायचं, तो आला नाही, म्हणून मी सांगतोय. कुणीतरी मागून म्हणालं, पंचानं दिलं ना, मग झालं की, श्टेफानकाका! बाबा म्हणाले, पंच माझ्या घरात वाढलेला नाही.

घरी येताना रस्ताभर त्यांची मान खाली होती. आजवर मी तुझ्यावर एवढी कधीच चिडले नव्हते.

तरीही तुझीच,
वेरोना

केंटकी
१९ ऑक्टोबर

ती. बाबांच्या चरणी,
शि. सा. न. वि. वि.

ताईचं पत्र वाचलं आणि मिळेल ती गाडी पकडली. टेट इथे, त्याच्या गावी, लाकडाच्या वखारीत कामाला लागलाय. त्याला सगळं सांगितलं. खांद्यावरची फळी त्यानं खाली ठेवली. म्हणाला, टप्पा मी तेव्हाच पाहिला होता. दारात झेलाचं नाव काढलं, ते तू काही बोलतोस का बघायला. मग फळी उचलून आत गेला. हात मिळवला नाही.

मी शनिवारी येतो. रविवारी प्रार्थना झाली की सगळ्यांसमोर उभा राहून स्वतःच्या तोंडानं सांगेन. तुम्ही आलात तर मागच्या बाकावर बसा. तुमचा चेहरा दिसला, तर मला बोलता येणार नाही.

तुमच्या घरात वाढलेला,
ऑन्द्रे