नानांच्या खोलीतली माणसं

१५ जाने. १९९४, शनि. पेण
वाचनालयात माहितीपट दाखवला. परदेशातल्या कुठल्याशा इस्पितळातली म्हातारी. आपण मरणार हे तिला ठाऊक. मुली, नातवंडं, शेजारी पलंगाभोवती. ती एकेकाशी बोलते, माफी मागते, हसतेसुद्धा. शेवटी खिडकीतला उजेड, संपलं. दिवे लागले तरी मला उठवेना.
रोह्याला नाना कावीळ समजून पडून आहेत. यकृताचा कॅन्सर, फार तर दोन महिने. दादाला, वहिनीला, मला माहीत. आम्ही माझ्या वडिलांना निरोप घेऊच देत नाही आहोत.
उद्या सांगायचं.

१६ जाने., रवि. रोहा
सांगितलं. दादा कंपनीत, पहिली शिफ्ट. वहिनी दळणाला गेलेली. वाक्य पाठ केलं होतं, गडब गाव गेल्यापासून एस.टी.त पुटपुटत होते.
नाना म्हणाले, "बरं." मग, "पाणी दे."
पाणी दिलं. वाटलं, आता बोलतील. त्यांनी भिंतीकडे कूस केली.
दादा आल्यावर कळलं त्याला. "सिनेमा बघून आलीस नि बापाला मारलंस." जेवले नाही. शेवटची गाडी धरली.

२३ जाने., रवि. रोहा
दादा बोलत नाही. वहिनीकडून समजलं ते लिहिते.
संध्याकाळी नानांचे तिघे मित्र पत्ते खेळायला यायचे. निडीचे हरीभाऊ सगळ्यांत जुने, मिठागरावर मुकादम होते. मंगळवारी पानं वाटताना म्हणाले, "नान्या, पाऊस लागू दे, निडीला नेतो तुला. जिताड्याचं कालवण खाऊ घालतो."
"तवर मी नाय रे. कॅन्सर हाय मला. पोरीनं सांगितलं."
हरीभाऊंनी पानं तशीच ठेवली.
बुधवारपासून कोणी येत नाही. हरीभाऊ फाटकाशी वालाच्या शेंगा देऊन गेले. वहिनी आत या म्हणाली तर, "त्याच्यासमोर बसून बोलू काय गो मी?"
मी बसल्यापासून नानांनी चार वेळा दाराकडे बघितलं. नंतर मोजलं नाही.

२६ जाने., बुध.
शाळेतल्या पोरांचं झेंडावंदन आटोपून थेट रोहा.
त्या दिवशी दादाला मी सिनेमाचं सांगितलं ते नानांनी ऐकलं होतं. आज आपणहून विचारलं, "त्या सिनेमातल्या बाईजवळ माणसं बसलेली?"
"होती."
"रोज?"
"दाखवलं तेवढे दिवस तरी."
"कॅमेरा होता ना समोर. उठून जाईल कोण?"
हसले. मग खोकला.
पेणला परत येईपर्यंत तेच. ती खोली खरी होती, माणसंही. पण कॅमेरा बंद केल्यावर कोण थांबलं असेल, हे मी तिथे बसले असताना एकदाही मनात आलं नाही. आणि तेवढ्यावर मी...

३० जाने., रवि. रोहा
नाना: "हरीला सांग, मुंबईचा रिपोर्ट आला. कॅन्सर नाय. आधीचा चुकीचा होता."
"खोटं सांगू?"
"व्हय. तूच सांगायचं. तुझ्या दादावर कोण विश्वास ठेवणार नाय. तू खोटं बोलत नाहीस, अख्ख्या आळीला ठाऊक हाय."
शाळेत घालण्याआधी तीन वर्षं त्यांनीच मला घरी शिकवलं. चुकलेलं चालायचं, लपवलेलं नाही. त्यांना तसं म्हटलं. म्हणाले, "तेव्हा मी बरा होतो."

५ फेब्रु., शनि. रोहा
सांगितलं. ओसरीवर, तिघांना बोलावून.
हरीभाऊ: "खरं ना गो?"
"खरं."
मांडीवर थाप मारली त्यांनी. "नान्या, हरामखोरा, फुकट घाबरवलंस! काढ पत्ते."
वहिनीनं दोनदा चहा केला. नाना हरले आणि वर भांडले, "चोरी केलीस, हऱ्या, मी बघितली!" महिन्याभरात एवढा आवाज ऐकला नव्हता. दादानं माझं ताट वाढलं.
जाताना हरीभाऊ चप्पल घालत बराच वेळ माझ्याकडे बघत होते. "उद्या येतो," म्हणाले.

६ फेब्रु., रवि. सकाळ
नानांना वाटीभर पेज गेली. मागून घेतली. वहिनीला म्हणाले, दाढी करायचीय, आरसा दे.
मी चहा घेऊन गेले तर हातानं जवळ बोलावलं. हळू आवाजात, वहिनीला ऐकू जाऊ नये असं.
"काल तू म्हणालीस तो रिपोर्ट... खरंच आलाय का गो?"
चहा निवलाय, गरम करून आणते म्हटलं. स्टोव्हपाशी उभी राहून हे लिहिते आहे. चहाला उकळी येऊन गेली. खोलीतून नाना हाक मारतायत.