सरळ अक्षरांची कबुली

मी, गल्ली मला माकड म्हणते तोच, हे मृत्युपत्र लिहितोय. वय वीस, शिक्षण नववी नापास, धंदा पाट्या रंगवणं. डोकं ठिकाणावर आहे (आईला हे मान्य नाही). दारू प्यायलेलो नाही, कोणी धमकावून लिहून घेत नाहीये. नुसता घाबरलोय.

सायकल ताईला. ब्रेक लागत नाही, चपलेनं थांबव.

मोबाइल आईला. काच फुटलीय, पण तुझ्या शिव्या पलीकडे नीट पोचतील.

न्हावीदादा, तुझ्या आरशावर मिशी मीच काढली होती. घासू नकोस, रॉकेल लाव.

ब्रश पेंटरकाकांचेच, त्यांच्याच दुकानात मी काम शिकलो; त्यांना परत. आणि आता खरं काय ते लिहितो.

निवडणुकीला उभे असलेले भाऊ सभेत म्हणाले, बाहेरून आलेल्यांनी आपली कामं खाल्ली. दुसऱ्या दिवशी त्यांच्या पोरांनी पाच दारांवर लाल रंगात 'बाहेरचे' लिहिलं. एक दार पेंटरकाकांचं. तीस वर्षं झाली त्यांना इथे येऊन. रविवारी भरदुपारी सगळे मोर्च्याला गेले, तेव्हा मी उरलेली चाळीस दारंही 'बाहेरचे' लिहून रंगवली. भाऊंचंसुद्धा. म्हटलं, सगळेच बाहेरचे झाले तर काढणार कोणाला? भाऊंची आई तर दारात म्हणाली, "खरंच आहे की, मी लग्न होऊनच आले इथे!" गल्ली पोट धरून हसली.

भाऊ हसले नाहीत. पोरांची अक्षरं वाकडीतिकडी, माझी सरळ. वर खडूची रेघ तशीच राहिलेली, म्हणजे काम पाट्या रंगवणाऱ्याचंच. काकांनीच शिकवलंय, "रेघ आखल्याशिवाय ब्रश उचलायचा नाही." मस्ती करतानाही हात ऐकेना.

पोरं काकांच्या दुकानात आली, काच फोडली. "कोणाचं काम?" काकांनी माझ्याकडे बघितलंसुद्धा नाही. म्हणाले, "माझं." मी टेबलामागे तसाच बसून राहिलो. उद्या दहापर्यंत काकांनी गल्ली सोडायचीय, नाहीतर दुकान पेटवणार.

उद्या नऊला मी भाऊंच्या कचेरीत जाऊन सांगणार, की मीच रंगवलं, एकट्यानं. पण मला माझी खात्री नाही. जिन्यातूनच पळून आलो, तर माझ्या मरायची वाट बघत बसू नका. शिलाईवाल्या मावशीनं हा कागद तिथे मोठ्यानं वाचावा.

साक्षीदार: न्हावीदादा (आरशाबद्दल शिव्या देऊन सही केली). शिलाईवाली मावशी (रडत).

ठिकाण: दुकान, फुटलेल्या काचेशेजारी. सोमवार, संध्याकाळ.

सही: माकड. कोणाला शंका नको, म्हणून वर खडूची रेघ आखून केलीय.