चेंगप्पाचं गप्प बसणं

मी, कालिमंडा उत्तय्या, वय अडुसष्ट, राहणार विराजपेटजवळ, धंदा आधी लग्नांच्या व पुढे माजी सैनिकांच्या आठवणींच्या फिल्म काढणे आणि कापणे. आज मी पूर्ण शुद्धीवर आहे. दडपण कोणाचे नाही. असलेच तर माझ्याच मनाचे आहे. हे माझे पहिले आणि शेवटचे मृत्युपत्र.

१. घर, अंगण व कॉफीची बाग मुलगी देचम्मा हिला. मिरीचे वेल तिने तोडू नयेत.

२. बंदूक पुतण्या सोमय्या याला, परवाना त्याच्या नावावर झाल्यावर. कॅमेऱ्याचा स्टँड त्याला देऊ नये. मागे नेला होता तेव्हा त्याने त्यावर घेवड्याचा वेल चढवला.

३. भिंतीवरचे बक्षीस कोणालाच देत नाही. ते खाली काढावे. कारण लिहितो.

सुभेदार चेंगप्पा आणि बेळ्ळियप्पा एकाहत्तरच्या लढाईत एकाच तुकडीत होते. जखमी बेळ्ळियप्पाला मागे ठेवून चेंगप्पाला निघावे लागले; बेळ्ळियप्पा तिथेच गेला. बेळ्ळियप्पाची बायको पोन्नव्वा दरवर्षी नवऱ्याच्या नावाने पान वाढते. त्या पानाशी रमचा पेला ठेवायचा मान चेंगप्पाचा होता. फिल्मसाठी मी त्याला विचारले, "त्याला सोडून निघताना काय वाटलं?"

चेंगप्पा कितीतरी वेळ गप्प बसला. दोनदा तोंड उघडले, दोनदा मिटले. मांडीवरची टोपी पिळत राहिला. मग म्हणाला, "काही नाही. हुकूम होता."

लोक कंटाळतील म्हणून मी ते गप्प बसणे कापले. पडद्यावर माझ्या प्रश्नाला लागूनच त्याचे "काही नाही" आले. पोन्नव्वा उठून गेली. तेव्हापासून पेला ठेवायला तिने त्याला बोलावले नाही. फिल्मला मात्र बक्षीस मिळाले. मी माफी मागायला गेलो, तर चेंगप्पाच म्हणाला, "शब्द माझेच आहेत की. तू कुठं खोटं घातलंस?" ते ऐकून मला बरे वाटले, आणि तसे वाटल्याची लाज अजून जात नाही.

४. कपाटातली न कापलेली टेप माझ्या मृत्यूनंतर पोन्नव्वाला दाखवावी. (रद्द)

सहीआधी साक्षीदार अक्कव्वा, निवृत्त पोस्टमास्तरीण, हिने हे वाचले आणि चष्मा काढला.

"तुझ्या मृत्यूनंतर? म्हणजे ती दोघं तुझ्यासाठी थांबणार? चेंगप्पा तुझ्याहून मोठा आहे, आधी तोच जायचा."

"पोन्नव्वा मला दारात उभं करणार नाही."

"मग अंगणात लाव."

"तिला ऐकू येत नाही हल्ली."

"त्यात ऐकण्यासारखं आहे काय, उत्तय्या?"

म्हणून कलम ४ मी माझ्या हाताने खोडले आहे. खाडाखोडीवर तिघांच्या सह्या आहेत. टेप यापुढे माझ्या मालमत्तेत धरू नये. बेळ्ळियप्पाचे पान आजच आहे. मी पुढे होतो. पोन्नव्वाने हाक मारली तर चेंगप्पाने पेला घेऊन यावे; तो फाटकाशी थांबायला कबूल झाला आहे.

विराजपेट, १२ जानेवारी २०१९
सही: कालिमंडा उत्तय्या

साक्षीदार:
कुशालप्पा, शेजारी
अक्कव्वा (टेप गाडीत ठेवल्याशिवाय मी सही केलेली नाही.)